एल्साचा स्वीकार नेमका कुठे घडतो?

फोंडा : येथील एका शाळेच्या स्नेहसंमेलनात २०१३ च्या 'फ्रोझन' या डिस्नेच्या ॲनिमेशनपटातील डोंगरावरच्या 'लेट इट गो' या गाण्यावर नृत्य बसवले होते आणि निवेदनात त्याला 'स्वतःच्या शक्तीचा स्वीकार' म्हटले गेले. मला हे पटत नाही. हातांतून बर्फ निर्माण करू शकणारी राणी एल्सा वर बर्फाचा महाल उभारत असताना खाली तिचे राज्य आरेंडेल गोठत असते आणि तिला त्याचा पत्ताही नसतो. धाकटी बहीण ॲना वर येऊन ते सांगते, तेव्हा हीच 'मुक्त' एल्सा इतकी घाबरते, की तिच्याच हातून बहिणीच्या काळजात बर्फ शिरतो. हे पलायन आहे, सुरेल असले तरी.

डिचोली : 'पलायन' हा शब्द अन्यायाचा आहे. म्हाताऱ्या ट्रोलने (जादू जाणणाऱ्या दगडी बुटक्याने) भीतीच शत्रू ठरेल असे बजावूनही आईवडिलांनी दारे लावून घेतली आणि शक्ती दडवायला मुलीच्या हातांत मोजे चढवले. त्यांतला एक राज्याभिषेकाच्या मेजवानीत ॲना ओढून काढते. दुसरा एल्सा डोंगरावर आपण होऊन भिरकावते. हा फरक मुलांना बरोबर कळतो. माझी भाची ऐन मे महिन्यात वडिलांचे मोटरसायकलचे हातमोजे घालून घामाघूम बसली होती. गाण्यात ती जागा येताच तिने मोजा फेकला, फ्रीजरमधला बर्फ नखांनी खरवडला आणि तो गार हात थेट आजीच्या मानेवर ठेवला. (आजीचे मत विचारू नये.)

पेडणे : निर्मात्यांनी एल्साला आधी खलनायिका ठरवले होते, गीतकार-संगीतकार लोपेझ दांपत्याचे हे गाणे ऐकल्यावर कथा बदलली, म्हणून त्याला हलके लेखता येणार नाही. तरीही फोंडेकरांशी मी बराच सहमत आहे. आपल्याकडे जत्रेत कोणावर भार आला, म्हणजे अंगात देव संचारला, तर त्याला कोणी खोलीत कोंडत नाही आणि रानात एकटेही सोडत नाही. दोन्ही बाजूंनी माणसे सावरायला उभी असतात. एल्साला आधी कोंडणे मिळाले, मग रान.

फोंडा : उपमा आवडली, पण भार उतरतो, एल्साची शक्ती जन्माची आहे. म्हणूनच मला शेवटचे दृश्य महत्त्वाचे वाटते : राजवाड्याची दारे उघडी, भर उन्हाळ्यात अंगणात तिने केलेला बर्फ आणि त्यावर घसरणारे गावकरी.

डिचोली : अंगणातच स्वीकार पुरा झाला असेल, तर २०१९ च्या दुसऱ्या भागात ती गादी ॲनाला देऊन जंगलात राहायला का जाते, तेवढे फोंडेकरांनी सांगावे.