मदत हवी आहे: मार्केनच्या दीपगृहापर्यंत व्हीलचेअर जाते का?

जूनमध्ये आई-बाबा ॲमस्टरडॅमला येताहेत, एक दिवस मार्केनला जायचंय. १९५७ मध्ये बांधावरच्या रस्त्याने जोडलं जाईपर्यंत हे गाव म्हणजे बेटच. आईला तिथली लाकडी घरं बघायची आहेत. पुराच्या भीतीने मातीच्या उंचवट्यांवर बांधलेली, काही तर चक्क खांबांवर. तरीही जानेवारी १९१६ च्या पुरात इथली १६ माणसं गेली. ३१५ नंबरची बस गावात सोडते, त्यामुळे घरं आणि बंदर जमेल.

अडलंय ते पूर्व टोकाच्या दीपगृहापाशी. १८३९ चं, नाव 'मार्केनचा घोडा'. आत सोडत नाहीत, ते ठाऊक आहे, बाहेरूनच बघायचंय. मार्चमध्ये मी एकटा बांधावरून गेलो होतो, पण वारा असा की टोपी सांभाळू की पायाखाली बघू! वाटेकडे नीट लक्षच गेलं नाही. नकाशावर रस्ता दिसतो, फाटकं-पायऱ्या दिसत नाहीत.

आईची व्हीलचेअर घडीची आहे, चाकं लहान. गाडी नाही, सायकल शक्य नाही. बाबांना मध्ये बसायला बाक लागतो.

अलीकडे कुणी व्हीलचेअर किंवा बाबागाडी घेऊन तिथपर्यंत गेलंय का? आणि बांधावरून नेणं बरं की खालच्या रस्त्याने?