मदत हवी आहे : ११ जीबीचा व्हिडिओ खेड्यात उतरवायचाय, टोरेंट की फाइल होस्टिंग?

नमस्कार मंडळी. मी खानापूर तालुक्यात, जांबोटीच्या बाजूला राहतो. गावच्या पारायणातल्या काल्याच्या कीर्तनाचा व्हिडिओ पुण्याच्या चुलतभावाकडे आहे. एकच फाइल, ११ जीबी. त्यात आमचे आप्पा पखवाजावर आहेत. आप्पा फाल्गुनात गेले. व्हॉट्सअॅपवर आलेली क्लिप आई रोज बघते, पण त्यात त्यांचे हातसुद्धा धड दिसत नाहीत.

दादाने फाइल एका होस्टिंग साइटवर चढवून लिंक दिली. खातं फुकटचं, त्यामुळे वेग कमी आणि डाउनलोड तुटलं की पुन्हा पहिल्यापासून. माझा पॅक दिवसाला दीड जीबीचा. रात्री उशिरा लावून बाराच्या पुढे नेलं तर दोन दिवसांचे मिळून तीन जीबी येतात, त्यापुढे कधीच गेलं नाही. पावसात लाईट जाते ती वेगळीच. पेनड्राइव्ह कुरिअरने मागवला होता, तो पोचलाच नाही.

टोरेंटमध्ये फाइल एका संगणकावरून थेट दुसऱ्यावर तुकड्यातुकड्यांनी येते, प्रत्येक तुकडा हॅशने (त्याच्या आकडेरूपी ठशाने) तपासला जातो आणि राहिलं तिथून पुढे सुरू होतं, असं वाचलं. मला तेच बरं वाटतंय. पण सीड, म्हणजे पूर्ण फाइल देणारा, दादा एकटाच. त्याचा लॅपटॉप बंद झाला तर काय? आणि मोबाइल हॉटस्पॉटवर अनेकांत मिळून एकच आयपी (इंटरनेटवरचा पत्ता) असतो म्हणतात, मग जोडणी होते का? गावात टोरेंट म्हणजे चोरीचे सिनेमे असंच समजतात, तेही सांगा.

प्रतिसाद

टोरेंट ही नुसती पद्धत आहे. उबुंटू, डेबियन या फुकटच्या संगणक प्रणालीवाले स्वतः टोरेंट देतात. चोरी असते ती फाइल कुणाची त्यावर.

तुम्ही हॉटस्पॉटवर असलात तरी अडत नाही, मात्र दादांच्या बाजूला बाहेरून जोडणी पोचली पाहिजे. घरी फायबर असेल तर राउटरमध्ये क्यूबिटटोरेंटचं (टोरेंट चालवायच्या सॉफ्टवेअरचं) पोर्ट, म्हणजे बाहेरून आत यायची वाट, उघडायला सांगा. त्यांचाही आयपी सामायिक असेल तर मात्र जमणं अवघड. लॅपटॉप बंद तेवढा वेळ तुमचं थांबेल, उतरलेलं वाया जाणार नाही.

नाहीच जमलं तर दादांना सेव्हन-झिपमध्ये (फाइली बांधायचं सॉफ्टवेअर) ५०० एमबीचे तुकडे करायला सांगा. कॉम्प्रेशन 'स्टोअर' (न आकसता तसंच) ठेवा, व्हिडिओ तसाही फारसा आकसत नाही. २३ तुकडे होतील. गूगल ड्राइव्हच्या फुकटच्या १५ जीबीत मावतील, पण मेल आणि फोटोंनी ती जागा खाल्लेली नसावी. रोज दोनच उतरवा, म्हणजे पॅकमध्ये थोडं उरेल. तुटलं तर तेवढ्या एका तुकड्याचंच नुकसान. सगळे एका फोल्डरमध्ये आले की ००१ वर एक्सट्रॅक्ट द्या.

धागाकर्ता

दादाकडे फायबर आहे, पण आयपी सामायिकच निघाला. तुकडे करून ड्राइव्हवर चढवलेत. काल ००१ आणि ००२ उतरले, मध्ये लाईट गेली तरी. मनापासून आभार. सगळे जोडून झाले की इथेच कळवतो.