मदत हवी आहे: अनरीअल टूर्नामेंटमधली ती खुनी स्पर्धा नेमकी कोणाच्या हातात आहे?

रावपुऱ्याची ताई

नमस्कार मंडळी. प्रश्न पोरकट वाटेल, पण घरात चार दिवस यावरून रणकंदन चालू आहे आणि पैज लागलीय, म्हणून धागा काढते.

भाऊबीजेला दादा बडोद्याला आला होता. माझ्या मुलाने जुन्या लॅपटॉपवर 'अनरीअल टूर्नामेंट' हा गोळीबाराचा कॉम्प्युटर गेम चढवून ठेवलाय, १९९९चा, पहिला. २००१-०२ मध्ये रावपुऱ्यातल्या एका सायबर कॅफेत आम्ही दोघं तो खेळायचो. सहा मशीनं, पाचांना बॉलचे माऊस. माझा माऊस डावीकडे वळायचाच नाही, मग बॉल काढून आतल्या चाकांवरचा मळ नखाने खरवडायचा, तोवर दादा दोनदा मारून मोकळा. पंख्याजवळचं मशीन नेहमी त्याचं, सर्व्हर (ज्यावर सगळ्यांचा खेळ चालतो तो) तोच लावायचा, नकाशाही (म्हणजे लढायचं मैदान) तोच निवडायचा. आईला वाटायचं पोरं टॅली शिकतायत.

तर, सुरुवातीचं ते घोगऱ्या आवाजातलं निवेदन आठवतंय ना? २२९१ साली खोल अंतराळातल्या खाणकामगारांची हाणामारी आटोक्यात ठेवायला न्यू अर्थ गव्हर्न्मेंट बेधडक झुंजी कायदेशीर करतं. लियांड्री मायनिंग कॉर्पोरेशन सरकारला सोबत घेऊन लीग काढते, आणि लवकरच कंपनीला कळतं की आपल्या सगळ्या धंद्यांत जास्त नफा या झुंजींतच आहे. आता २३४१ साल, पन्नास वर्षं झाली, कमाई शेकडो अब्जांत.

दादा सरकारी नोकरीत. त्याचं म्हणणं, कायदा सरकारचा तर खेळ सरकारचा. उद्या परवानगी काढून घेतली की लियांड्री परत खाणीत. मी म्हणते, सरकार नावापुरतं, मालक कंपनीच.

पंच आमचे काका. कोर्टात पेशकार होते, निवृत्त होऊन वीस वर्षं झाली पण सवय गेलेली नाही. त्यांची अट अशी: नेटवरच्या लोकांची मतं चालणार नाहीत, खेळात कुठे लिहिलेलं असेल ते दाखवा. हरेल त्याने अकरा माणसांना सेव-उसळ खिलवायची, पाव जादा.

निवेदन सोडून खेळात आणखी कुठे लेखी काही आहे का? आणि तो शेवटच्या सामन्यातला प्रतिस्पर्धी झॅन क्रीगर, तो कोणाचा माणूस?

फ्लॅकवाला

धागा उघडला आणि कानात खेळातली ती "मॉन्स्टर किल"ची आरोळी वाजली. जागा धरून बसलोय. ताई, नकाशांची वर्णनं वाचा. लॅडरमध्ये (सामन्यांच्या चढत्या यादीत) सामना निवडला की बाजूला चार ओळी येतात, आपण कधीच वाचत नाही, थेट स्टार्ट दाबतो. सगळा पुरावा तिथेच पडलाय.

जुना खेळाडू

फ्लॅकवाला बरोबर बोलतायत. मी ती सगळी वाचलीयत (हो, आयुष्यात कामं कमी होती).

पहिला सामना ऑब्लिव्हियनवर. ते लियांड्रीचं चिलखती मालवाहू जहाज, नव्या खेळाडूंना पृथ्वीवरच्या पहिल्या सामन्यांसाठी घेऊन निघालेलं. बहुतेकांना माहीतच नसतं की जहाज हाच आखाडा आहे. बसमध्ये बसल्यावर कळावं की परीक्षा बसमध्येच, तसं. ही चाल सरकारची नाही, कंपनीची.

मग स्टॉलवर्ट. जुनं मोटार गॅरेज, लियांड्रीच्या जेर्ल लियांड्रीने कंपनी नवी असताना कर वाचवायची जागा म्हणून घेतलं. पुढे त्याचाच आखाडा केला. हा तपशील मला फार आवडतो. स्पर्धेचा मालक सुरुवातीपासून कसला माणूस होता ते त्या एका ओळीत कळतं.

ओशन फ्लोअर बघा. विद्यापीठांनी मिळून समुद्रतळाशी बांधलेलं संशोधन केंद्र, पैसे संपत आले, तेव्हा लियांड्री मदतीला धावली. तीही शिक्षणाच्या नावाने! आता तिथे गोळ्या चालतात. हायस्पीड तर उघडच आहे: ताशी दोनशे मैलांची आगगाडी, लोकांची करमणूक व्हावी म्हणून कंपनीने सजवली, खेळाडू गाडीवरून पडतात ही वरची मजा.

जागा कंपनीच्या, प्रवास कंपनीचा, प्रेक्षक कंपनीचे. ताई, उसळीची ऑर्डर द्या.

फाईल क्र. ४२

थांबा, एवढ्यात ऑर्डर नको. दादांच्या बाजूने कोणीतरी बोललं पाहिजे.

जुना खेळाडू, तुम्ही फेसिंग वर्ल्ड्स या नकाशाचं वर्णन सोयीस्कर गाळलंत. ते समोरासमोरचे दोन मनोरे, तो लघुग्रह आंतरतारकीय उद्यानांच्या यादीत होता. लियांड्रीला तो मिळवायला अडचण आली. सरकारच्या काँग्रेसपुढे जावं लागलं, पटवून द्यावं लागलं, मग मंजुरी. म्हणजे सरकार "नाही" म्हणू शकत होतं. मालकाला अर्ज करावा लागतो का?

जुना खेळाडू

गाळलं नाही, राखून ठेवलं होतं. काय पटवून दिलं तेही वाचा: दोन संघांनी आपापल्या मनोऱ्यांतून लढण्याला ऐतिहासिक महत्त्व आहे! वारसा जपायचा म्हणून वारशावरच रॉकेटं डागायची. असा अर्ज जिथे मंजूर होतो तिथे "नाही" म्हणणारा कोणी उरलाय असं वाटतं का तुम्हाला?

फाईल क्र. ४२

मंजूर झाला हे खरं. पण मंजूर *करावा लागला* हेही खरंच. इतकंच म्हणणं आहे माझं. सही ज्याची लागते त्याला नगण्य म्हणू नका, आम्ही सहीवरच जगतो.

हत्तीखाना

अवांतर होईल, पण ताई बडोद्याच्या म्हणून राहवत नाही.

आपल्या बडोद्यात अगड होता. हत्तींच्या झुंजींसाठी बांधलेलं भिंतबंद मैदान, माहुताला पळायला भिंतीत अरुंद वाटा. खंडेराव महाराजांना (१८५६-७०) झुंजी आणि कुस्तीचा भारी शौक. १८६०च्या दशकात आलेला फ्रेंच प्रवासी लुई रूसले याने इथल्या नखांच्या कुस्तीबद्दल लिहून ठेवलंय: मुठीला शिंगाची नखं बांधायची, मल्लांना भांग पाजायची आणि सोडायचं. तेव्हा मालक कोण, असं कोणाला विचारलं असतं तर उत्तर एकच, महाराज.

पण वर रेसिडेन्सी, म्हणजे इंग्रजांच्या प्रतिनिधीचं ठाणं, होती. १८७५ मध्ये पुढचे महाराज मल्हारराव यांच्यावर रेसिडेंटला विष घालण्याचा आरोप आला. चौकशी आयोगातले तीन इंग्रज एका बाजूला, शिंदे महाराज, जयपूरचे महाराज आणि ग्वाल्हेरचे माजी दिवाण दिनकरराव दुसऱ्या बाजूला. एकमत झालं नाही, तरी गैरकारभाराचं कारण देऊन महाराजांना उतरवलं आणि मद्रासला धाडलं. म्हणजे खरा ताबा रेसिडेन्सीचा, दादा जिंकले?

तर त्याच वर्षी नोव्हेंबरात प्रिन्स ऑफ वेल्स बडोद्याला आले आणि बारा वर्षांच्या सयाजीरावांच्या राज्यात त्यांना हत्तींची झुंज दाखवली. ज्यांनी राजा बदलला, त्यांचाच राजपुत्र त्याच करमणुकीला. परवानगी काढून घेण्याचा अधिकार असणं एक आणि ती काढून घ्यावीशी वाटणं दुसरं. न्यू अर्थ गव्हर्न्मेंटला पन्नास वर्षांत तसं वाटलेलं दिसत नाही.

फ्लॅकवाला

हत्तीखाना, यावर वेगळा धागा काढाच.

शॉक रायफल

झॅन क्रीगरबद्दल कोणी बोललंच नाही. ताई, तो "माणूस" नाही. चेहरा नीट बघा, यंत्रमानव आहे. शेवटच्या हायपरब्लास्ट नकाशावर, जहाजाच्या पाठीवर, तो एकटा तुमच्यासमोर येतो. आणि गंमत अशी की त्याचीही मालमत्ता आहे: असॉल्ट या सामन्यांच्या प्रकारातला रूक, रोमानियाच्या डोंगरातला जुना किल्ला, झॅनने स्वतः विकत घेतलेला, आव्हानवीर घडवायला. टेम्पेस्टही त्याचा सरावाचा आखाडा. २००४च्या भागात तो 'करप्ट' संघात, आणि तो संघ लियांड्रीच्या यंत्रांचा. म्हणजे विजेता कंपनीच्या घरचा. आयोजकाचाच पोरगा दरवर्षी पहिला यावा, तसं. त्याला कोण हरवणार आणि कधी, हे कोणी ठरवत असेल का, यावर माझा संशय आहे, पण काका संशय लिहून घेणार नाहीत.

रेडीमर

सगळे २३४१मध्ये अडकलात. २००७चा तिसरा भाग खेळलात का? तिथे झेंडा पळवायच्या सामन्यातला झेंडा हा झेंडाच नाही. एफएलएजी, म्हणजे फील्ड लॅटिस जनरेटर, रीस्पॉनर चालवणारं यंत्र. मेलेला खेळाडू परत उभा राहतो तो त्या रीस्पॉनरमुळे. झेंडा पळवला की समोरच्याचं परत जिवंत होणं थांबतं. कथा म्हणून ती ओढूनताणून आणलेली आहे, मान्य, लोकांनी तेव्हा टिंगल केली होती. पण ताबा कुठे असतो ते त्यांनी बरोबर दाखवलं. कायदा कोणाचाही असो, मेल्यावर कुणाला उठवायचं हे ज्याच्या यंत्रावर ठरतं त्याचा खेळ. आणि त्या भागात भांडणारे सगळे कंपन्यांचेच लोक आहेत, लियांड्री, इझानागी, अ‍ॅक्सॉन. सरकार शोधावं लागतं.

रावपुऱ्याची ताई

सगळ्यांचे आभार! काल रात्री सुनावणी झाली.

काकांनी नकाशांची वर्णनं मुलाकडून मोठ्याने वाचून घेतली, मध्ये दोनदा चहा. फेसिंग वर्ल्ड्सला दादाच्या बाजूने मान डोलावली (फाईल क्र. ४२, तुमचे गुण तुम्हाला मिळाले). अगडाची गोष्ट ऐकून म्हणाले, हे खेळात लिहिलेलं नाही, नोंदीतून काढा. मग स्वतःच अर्धा तास मल्हाररावांवर बोलले.

निकाल ज्यावर लागला ते मात्र इथे कोणाच्याच लक्षात आलं नव्हतं, माझ्याही. निवेदनाच्या शेवटी म्हणतात, तुमची निवड लियांड्री रूल्स बोर्डाने केली आहे. काकांनी ते तीनदा लावायला सांगितलं. "नियम करणारं बोर्ड कोणाचं? नाव कोणाचं आहे त्यावर? कंपनीचं. मग सरकारचा माणूस त्या खोलीत बसतो कुठे?" दादा परवाना, परवाना करत राहिला. काका म्हणाले, "परवाना देणाऱ्याने पन्नास वर्षांत एक तरी सामना थांबवल्याची नोंद दाखव." दादा गप्प.

पुण्याला पोचून त्याने पैसे पाठवले, अकरा प्लेटचे, पाव धरून. खाली मेसेज: "लियांड्री तर लियांड्री. पण पंख्याजवळचं मशीन मी पंख्यासाठी धरत नव्हतो. सर्व्हर ज्या मशीनवर त्याला लॅग, म्हणजे उशीर, नसतो."

चोवीस वर्षं मी माऊसला दोष देत होते.

फ्लॅकवाला

😂 घरातच लियांड्री निघाली.

शॉक रायफल

ताई, खेळ कुठून चढवला तेही लिहा, बरेच जण विचारतील. डिसेंबर २०२२ मध्ये ही मालिका ऑनलाइन दुकानांतून काढली आणि जानेवारी २०२३ मध्ये अधिकृत सर्व्हर बंद झाले.

रावपुऱ्याची ताई

मुलगा म्हणतो, जुना खेळ चालू ठेवणाऱ्या ओल्डअनरीअलवाल्या मंडळींचा इन्स्टॉलर आहे, १९९९चा भाग त्यातून चढतो, आणि घरच्या वायफायवर लॅन सरळ चालतं. शनिवारी रात्री नऊला दादा पुण्याहून नेटवरून, आम्ही इथून. आणखी दोघांची जागा आहे. नकाशा मी निवडणार, सर्व्हर माझ्या मशीनवर.