मदत हवी आहे : शेकडा नफ्यावरून मूळ खरेदी किंमत काढणे

सर्वांना नमस्कार. आठवीच्या शिष्यवृत्ती परीक्षेची तयारी करणाऱ्या मुलांना मी गणित शिकवते आणि नफा-तोट्याच्या एका प्रकाराबाबत मला आपले मार्गदर्शन हवे आहे. ९२० रुपयांना विकलेल्या वस्तूवर शेकडा १५ नफा झाला असेल, तर मुले ९२० चेच १५ टक्के, म्हणजे १३८ रुपये, वजा करून ७८२ हे उत्तर काढतात. नफा नेहमी खरेदी किमतीवर मोजतात, म्हणून ११५ रुपयांच्या विक्रीमागे खरेदी १०० रुपयांची, असे त्रैराशिक मांडून दिले की ८०० हे उत्तर त्यांना पटते.

खरी अडचण पुढे आहे. ‘एक वस्तू शेकडा १५ नफ्याने विकली, ती १० टक्के कमी किमतीला खरेदी करून २० रुपये कमी घेऊन विकली असती, तर शेकडा २५ नफा झाला असता, मूळ खरेदी किंमत किती?’ येथे बरीच मुले २५ मधून १५ वजा करतात आणि १० टक्के म्हणजे २० रुपये धरून २०० हे उत्तर लिहितात. खरेदी १०० मानल्यास पहिली विक्री ११५, दुसरी ९० वर २५ टक्के नफ्याने ११२.५०, फरक २.५० रुपये, म्हणून खरेदी ८०० रुपये. ही रीत मुले पाठ करतात, पण दुसरा नफा ९० वर का मोजायचा हे त्यांना उमजत नाही, आणि मला तेच महत्त्वाचे वाटते. समीकरण न वापरता हा बदललेला पाया आपण कोणत्या आकृतीने किंवा तक्त्याने समजावून देता?