चुलत्यांनी वाटणीपत्र लपवून कोर्टाची मनाई आणली. आता आम्हीही खोटं लिहायचं का?

येरळाकाठची (तासगाव):
आमची दोन एकर द्राक्षबाग, पण विहीर चुलत्यांच्या तुकड्यात. २००६ च्या नोंदणीकृत वाटणीपत्रात विहिरीत आमचा निम्मा हिस्सा, साडेतीन दिवसांची पाळी आणि पाईपलाईन नेण्याचा हक्क स्पष्ट लिहिलाय. यंदा फळछाटणी झाली आणि चौथ्या दिवशी बेलीफ दारात. चुलत्यांनी दाव्यात वाटणीपत्राचा उल्लेखच केला नाही. विहीर एकट्याची, आप्पा (आमचे वडील) दांडगाईने पाणी ओढतात, असं शपथेवर लिहून, आमचं न ऐकताच पाणी घ्यायला एकतर्फी मनाई घेतली. त्यानंतर दोन तारखा झाल्या, दोन्ही वेळा त्यांचाच मुदतीचा अर्ज. बाग टँकरवर जगतेय.

कोर्टकचेरीत मुरलेले एक पाहुणे म्हणाले, "कैफियतीत (दाव्याच्या लेखी उत्तरात) पाईपलाईन वीस वर्षांपूर्वीची लिहा, वहिवाटीचा, म्हणजे जुन्या वापरातून येणारा, हक्क लागतो." पाईपलाईन २०११ ची आहे. तसा मसुदा टाईप होऊन आला. आप्पांनी चष्मा लावून शेवटची ओळ मोठ्याने वाचली, 'वरील मजकूर माझ्या माहितीप्रमाणे खरा व बरोबर आहे', आणि पेनाला टोपण लावलं. "यावर मी सही करणार नाही."

भाऊ चिडलाय. समोरचा शपथेवर खोटं बोलून पाणी तोडतो आणि आपण हरिश्चंद्र व्हायचं? मला आप्पांचं पटतं, पण घड निघायच्या वेळेला बाग सुकताना बघवत नाही. काय करावं?

जतचा शेतकरी:
मी भावाच्या बाजूने. रस्त्याच्या दाव्यात मी सगळं खरं सांगितलं. सात वर्षं झाली, अजून तारखाच चालल्यात.

जुना कारकून (विटा):
ताई, आप्पांना माझा नमस्कार सांगा. तीस वर्षं दिवाणी कोर्टात काढली. पाईपच्या दुकानाचं बिल, सोसायटीचं कर्ज, कुठून तरी २०११ बाहेर येतंच. उलटतपासात ते बिल पुढं ठेवलं की माणूस आधी पाणी मागतो. मग त्याच्या खऱ्या कागदाकडेही साहेब संशयाने बघतात. हे मी समोर बसून पाहिलंय.

आणि गरज काय हो खोट्याची? वीस वर्षांची अट वहिवाटीवरून हक्क सांगणाऱ्याला. तुमचा हक्क वाटणीपत्रातून आलाय! दुय्यम निबंधकांकडून नक्कल काढा. सातबाऱ्याच्या इतर हक्कात विहिरीची नोंद असेल तर तो उताराही जोडा.

वकील (मिरज):
कारकूनसाहेबांशी सहमत. निशाणी ५ वर, म्हणजे चुलत्यांच्या मनाईच्या अर्जावर, म्हणणं (लेखी उत्तर) लगेच द्या. सोबत सीपीसी (दिवाणी प्रक्रिया संहिता) ऑर्डर ३९ नियम ४ खाली मनाई उठवण्याचा अर्ज करा. महत्त्वाच्या मुद्द्यावर जाणूनबुजून खोटं सांगून, समोरच्याला नोटीस न देता मनाई घेतली असेल, तर ती उठवावी असंच तो नियम सांगतो. नाही उठवली तर कोर्टाला कारण लिहावं लागतं. एकतर्फी मनाईचा अर्ज ३० दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न व्हावा हे नियम ३ए मध्ये आहे. पुढच्या मुदतीच्या अर्जाला त्यावर बोट ठेवून हरकत घ्या.

चेंगलवराय नायडू खटला (१९९३) जरूर दाखवा. तिथे वादीने स्वतः लिहून दिलेलं हक्कसोड पत्र लपवून वाटपाचा हुकूमनामा मिळवला होता. सुप्रीम कोर्टाने त्याला कोर्टाची फसवणूक म्हटलं.

भरपाईची फार आशा धरू नका. खोट्या दाव्याबद्दल सीपीसी कलम ३५ए खाली जास्तीत जास्त ३,००० रुपये मिळतात, चुकीच्या मनाईबद्दल कलम ९५ खाली ५०,००० पर्यंत. खोट्या शपथपत्रावर बीएनएसएस (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता) कलम ३७९ आहे, पण कारवाई करायची का हे कोर्ट ठरवतं. नुसता धाक घालायला तो अर्ज टाकू नका, तोही कोर्टाचा गैरवापरच.

येरळाकाठची:
सगळ्यांचे मनापासून आभार. बेदाण्याच्या रिकाम्या बॉक्समध्ये २०११ चं पाईपचं बिल सापडलं. भावाने ते बराच वेळ हातात धरलं आणि मसुद्यातली ती ओळ स्वतःच खोडली. नक्कल मिळाली, म्हणणं आणि अर्ज दाखल झाले, आप्पांनी सही केली. मंगळवारी तारीख आहे.

काल चुलतीने बांधावरून विचारलं, टँकर कितीला पडतो गं? मी आकडा सांगितला. ती काही न बोलता घराकडे वळली.