अर्ध्या दिवसात इफिसस: हे बघणं की नुसतं उरकणं?

पायवाट:
क्रूझवरून परत येऊन आठवडा झाला तरी एक गोष्ट डोक्यातून जात नाहीये म्हणून धागा काढतोय. तुर्कस्तानात कुशादासीला बोट लागली, तिथून आम्ही इफिसस या प्राचीन शहराच्या अवशेषांची अर्ध्या दिवसाची टूर घेतली, बोटीवरच बुक केलेली, साडेचार तासांची. आता हे साडेचार तास गेले कुठे ते सांगतो. सकाळी बोटीवरच्या थिएटरात जमायचं, छातीवर १७ नंबरचा स्टिकर लावायचा, नंबर पुकारेपर्यंत बसून राहायचं आणि मग उतरून बस शोधायची, यात अर्धा तास. तिथून डोंगरावर येशूच्या आईच्या, मेरीच्या घराकडे, जाणं आणि रांग धरून सव्वा तास. इफिसस दीड तास. मग गालिच्यांच्या दुकानात पाऊण तास, विणकामाचं प्रात्यक्षिक, चहा, आणि आपण घेणार नाही म्हटलं तरी एकेक गालिचा पायाशी उलगडत जाणं. मग परत बस.

सेल्ससच्या ग्रंथालयासमोर आम्हाला आठ मिनिटं मिळाली. अंदाजे सांगत नाहीये, गाईड "फोटोला आठ मिनिटं" असंच म्हणाला होता. ते ग्रंथालय सेल्ससच्या मुलाने वडिलांच्या स्मरणार्थ बांधलेलं आहे आणि वडील त्याच इमारतीखाली तळघरात पुरलेले आहेत, त्यांची शवपेटी अजून तिथेच आहे, हे मला घरी येऊन वाचल्यावर कळलं. म्हणजे मी एका माणसाच्या समाधीच्या दारात उभा राहून फोटो काढत होतो आणि मला पत्ताच नव्हता. हे फार लागलंय मला. माझं स्पष्ट मत, असल्या टूर विकणं बंद व्हायला पाहिजे आणि आपणही त्या घेऊ नयेत. वेळ नसेल तर सरळ बोटीवर थांबावं.

निळाई:
बोटीवर थांबावं? हे अजिबात पटलं नाही. माझी आई ७३ वर्षांची, एका गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं, दुसरा दुखतो. तिला इफिसस बघायचंच होतं. आम्ही घेतली तीही अशीच अर्ध्या दिवसाची टूर होती, आणि तुम्ही जे लिहिलं नाहीत ते मी लिहिते. बस वरच्या दाराशी सोडते आणि खालच्या दाराशी घ्यायला येते, म्हणजे सगळी वाट उताराची. क्युरेटीस स्ट्रीटवरचा संगमरवर पायांनी घासून घासून इतका गुळगुळीत झालाय की धडधाकट माणूस घसरेल, तिथे आमच्या गाईडने आईचा हात धरून तिला कडेकडेने नेलं, बाकीच्या तीस माणसांना सांभाळून. पुढे मोठ्या थिएटरपाशी सावली बघून तिला बसवलं आणि समोरचा सरळ रस्ता दाखवून सांगितलं, की हा बंदराकडे जायचा रस्ता, याच्या टोकाला समुद्र होता. आई म्हणाली, मग समुद्र गेला कुठे? तर नदीने शतकानुशतकं गाळ आणून टाकला, बंदर बुजलं, व्यापार गेला आणि शहर ओस पडलं. समुद्र आता कित्येक किलोमीटर लांब आहे, म्हणूनच आपल्याला बोटीतून उतरून बसने यावं लागलं. आई आजही येईल त्याला हे सांगते. तिने फक्त उरकलं असं मी म्हणू देणार नाही.

दगडफूल:
निळाई, तुमचा गाईड चांगला होता हे वाचूनच कळतंय, पण सगळ्यांच्या नशिबी तसा येत नाही. माझा आक्षेप वेळेपेक्षा त्या वेळात काय सांगितलं जातं यावर आहे. घाई असली की गोष्ट चटपटीत लागते. मार्बल रोडवर दगडात एक पाऊल कोरलेलं आहे, तिथे जवळजवळ प्रत्येक गट थांबतो आणि "ही जगातली पहिली जाहिरात, वेश्यागृहाची" असं सांगितलं जातं, सगळे हसतात, फोटो काढतात, पुढे जातात. त्याला ठोस पुरावा नाही, अभ्यासक ते मानत नाहीत. पण हजारो लोक तेवढीच एक गोष्ट घेऊन घरी जातात.

आणि ज्याचा पुरावा ढिगाने पडलाय तिथे कोणी नेत नाही. टेरेस हाऊसेस, उतारावरची श्रीमंतांची घरं, वरून मोठं छप्पर घातलेलं. तिकीट वेगळं म्हणून अर्ध्या दिवसाच्या बहुतेक टूरमध्ये ती नसतात. मी दोनदा गेलोय. आत काचेच्या पायवाटेवरून चालायचं, खाली मोझेइकची जमीन, भिंतींवर रंग अजून ताजा वाटावा असा, आणि त्याच रंगवलेल्या भिंतींवर तेव्हाच्या लोकांनी टोकदार काहीतरी घेऊन खरवडलेले ग्लॅडिएटर आणि खर्चाच्या याद्या! एका दालनात भिंतींच्या संगमरवराचे तुकडे टेबलांवर मांडून ठेवलेत, १,२०,००० च्या आसपास, आणि ते एकेक करून जुळवायचं काम वर्षानुवर्षं चाललंय. मी तिथे अर्धा तास एकाच टेबलासमोर उभा होतो. गालिच्याच्या दुकानातला पाऊण तास इथे दिला असता तर?

खलाशी:
मी सहा वर्षं क्रूझच्या टूर डेस्कवर काम केलंय, कंपनीचं नाव घेत नाही. दोन्ही बाजू वाचल्या. काही गोष्टी आतून कशा असतात ते सांगतो.

स्टिकर आणि थिएटरातलं बसणं कोणाच्या हौसेचं नसतं. दोन-अडीच हजार माणसं एकाच गँगवेवरून, म्हणजे बोटीतून उतरायच्या पुलावरून, उतरतात, एकदम सोडली तर बसपाशी नुसता गोंधळ. दुकानाचं म्हणाल तर ते टूरच्या किमतीत धरलेलं असतं, तिथल्या विक्रीवर स्थानिक एजंटाला कमिशन मिळतं म्हणून टूर त्या भावात पडते. दुकान नसलेल्या टूरही त्याच यादीत असतात, जरा महाग. लोक पहिल्या पानावरची स्वस्त बघून बुक करतात आणि संध्याकाळी तक्रार घेऊन माझ्याकडे. तक्रार खोटी नसायची, पण वर्णनात "गालिचा विणकाम केंद्राला भेट" असं स्पष्ट छापलेलं असायचं.

आणि कोणी लिहिलं नाही ते सगळ्यात महत्त्वाचं. बोटीची टूर उशिरा आली तर बोट थांबते. स्वतः टॅक्सी करून गेलेल्यांसाठी थांबत नाही.

सांजवेळ:
खलाशी यांच्या शेवटच्या वाक्याला माझा अनुभव जोडते. ग्रीसमध्ये काताकोलोला उतरलो की ऑलिंपिया, जिथे प्राचीन ऑलिंपिक व्हायचं ती जागा, अर्ध्या पाऊण तासावर. नवऱ्याला गर्दी नको म्हणून टॅक्सी केली. जाणं मस्त, सकाळी लवकर पोचलो, स्टेडियममध्ये आम्ही दोघंच, १९२ मीटरची ती धाव मी चपला हातात घेऊन पूर्ण चालले, सुरुवातीच्या रेषेचे दगड अजून जागेवर आहेत, त्यात पायाची बोटं रुतवायला खाचा आहेत. झेउसच्या देवळाचे खांब भूकंपात आडवे झालेत आणि त्यांच्या चकत्या अजून तशाच ओळीने कललेल्या पडल्यात, एकेक चकती माझ्याहून उंच.

पण परत यायच्या वेळी ठरवलेला टॅक्सीवाला आलाच नाही. चाळीस मिनिटं उन्हात, फोन लागेना, दुसरी टॅक्सी मिळेना. शेवटी एका दुसऱ्या बोटीच्या बसमधल्या गाईडने दया दाखवून मागच्या सीटवर घेतलं. बोटीत चढलो तेव्हा शेवटची वेळ संपायला अकरा मिनिटं होती. त्या चाळीस मिनिटांत ऑलिंपियाचा सगळा आनंद गेला. त्यामुळे एकटं जावं असं मी सरसकट सांगणार नाही.

पायवाट:
निळाई, तुमच्या आईबद्दल वाचून मी माझं बोटीवर थांबायचं वाक्य मागे घेतो, ते चिडून लिहिलं होतं, माफ करा. पण मूळ मुद्दा सोडत नाही. खलाशी म्हणतात वर्णनात छापलेलं असतं. असतं, मान्य. पण मथळा असतो "प्राचीन इफिसस" आणि साडेचार तासांतले दीड तास इफिसस. मथळ्यातच "इफिसस, दीड तास" असं छापा ना. मग ज्याला घ्यायची त्याने घ्यावी.

दुसरं, इफिससच्या त्या मोठ्या थिएटरबद्दल. बायबलमध्ये गोष्ट आहे, ख्रिस्ती धर्मप्रचारक पॉलच्या प्रचाराने धंदा बुडेल म्हणून चांदीची देवळं घडवणाऱ्या सोनारांनी शहरातल्या लोकांना भडकवलं आणि सगळा जमाव याच थिएटरात घुसून दोन तास आर्टेमिस देवीच्या नावाने ओरडत होता. साधारण २५,००० माणसं मावायची जागा. आम्हाला हे खाली उभं ठेवून कानातल्या यंत्रात सांगितलं आणि पुढचा गट आला म्हणून हलवलं. वर चढून बसायला दहा मिनिटं दिली असती तर आवाज कसा घुमला असेल ते कळलं असतं. मला माहिती कमी पडली नाही, बसायला मिळालं नाही.

निळाई:
माफी कशाला, पण आता मुद्दा नीट आला. बसायला मिळालं नाही हे मला पटतं, आई बसली म्हणूनच तिला प्रश्न सुचला.

दगडफूल:
त्या जागेचाही विचार करा जरा. तीन मोठ्या बोटी एका सकाळी लागल्या की सगळ्या बस नऊ ते अकरामध्ये वरच्या दाराशी. त्याच गुळगुळीत दगडावरून सगळे एकाच दिशेने. इटलीतल्या पोंपेईने २०२४ च्या नोव्हेंबरपासून दिवसाला २०,००० माणसांची मर्यादा घातली, अथेन्सच्या ॲक्रोपोलिसवर २०२३ पासून तेवढीच मर्यादा आहे आणि तासातासाचे स्लॉट. मला वाटतं इफिससलाही ही वेळ येणार, आणि यावी. २०१५ पासून ते जागतिक वारसा यादीत आहे, म्हणजे गर्दी वाढणारच.

खलाशी:
मर्यादा यावी हे मलाही वाटतं, पण परिणाम काय होईल तेही सांगतो. स्लॉट आले की बोटीवाले आधीच मोठ्या संख्येने उचलतात आणि एकटा जाणारा माणूस बाहेर राहतो. शिवाय बोट बंदरात किती तास हे टूरवाला ठरवत नाही. बंदराचं भाडं, पुढचं अंतर, इंधन यावर ते ठरतं. सकाळी सातला लागून दुपारी दोनला निघणारी बोट असेल तर कोणी कितीही जीव तोडून आखलं तरी अर्धा दिवसच.

म्हणून माझं मत असं, की अर्ध्या दिवसात एकच जागा. मेरीचं घर नको, दुकान नको, आर्टेमिसचं देऊळही नको. प्राचीन जगातल्या सात आश्चर्यांपैकी एक म्हणून सगळ्यांना बघायचं असतं, पण तिथे आज पाणथळ जागेत तुकडे जोडून उभा केलेला एक खांब आहे आणि बस थांबवून, उतरवून, मोजून परत चढवेपर्यंत अर्धा तास जातो.

सांजवेळ:
देऊळ नको यावर मी भांडेन. ज्याने आश्चर्य म्हणून नाव ऐकलंय त्याला तो एकटा खांब बघणं हेच मोठं आहे. आम्ही उतरलो नाही, बसच्या खिडकीतून बघितला आणि मला अजून हळहळ आहे.

पायवाट:
म्हणजे बघा, सांजवेळना खांब हवा, मला थिएटरात दहा मिनिटं हवीत, दगडफूलना टेबलावरचे तुकडे. एका बसमध्ये चाळीस माणसं, चाळीस गोष्टी. मग निदान दुकानाचा पाऊण तास मोकळा सोडा आणि खालच्या दाराशी अमक्या वाजता भेटा म्हणा, ज्याला जे हवं ते तो बघेल. खलाशी, हे शक्य आहे का?

खलाशी:
शक्य आहे, मी एका हंगामात करून बघितलंय, वीस-बावीस माणसांच्या छोट्या गटाला शेवटची चाळीस मिनिटं मोकळी. दोघं उशिरा आले, एकदा एक बाई वरच्या दाराशी जाऊन थांबल्या. पण संध्याकाळी तक्रारीचा एकही फॉर्म आला नाही. मोठ्या बसला ते जमत नाही, चाळीस जण पसरले की मोजायला गाईड एकटा पडतो. तुम्ही पुढच्या वेळी बुक करताना "छोटा गट" आणि "टेरेस हाऊसेससह" हे दोन शब्द शोधा, आणि डेस्कवर जाऊन तोंडाने विचारा की प्रत्यक्ष जागेवर किती मिनिटं. डेस्कवरच्या माणसाला तो आकडा माहीत असतो, विचारत कोणी नाही.

निळाई:
आणि उतार कुठून कुठे, तेही विचारा. गुडघेवाल्यांसाठी लिहितेय.