काळाच्या जादूची गुप्त भाषा: सुरांचा शब्दकोश की राग?

गोदाकाठी:
मंडळी, एक कादंबरी लिहितोय, म्हणजे दोन वर्षं नुसती लिहितोयच. पंचवटीतल्या एका वाड्यात एक घराणं आहे, त्यांना वेळ मागेपुढे करता येते आणि आपसात ते सुरांतच बोलतात, रस्त्यावरून जाणाऱ्याला वाटतं पोरगी पेटीवर रियाज करतेय. घोडं अडलंय ते या भाषेवर. मित्र म्हणतो सरळ शब्दकोश बनव. फ्रान्समध्ये सुद्र म्हणून एक संगीत शिकवणारा होता, त्याने एकोणिसाव्या शतकात सोलरेसोल नावाची अख्खी भाषा केली, सगळे शब्द दो रे मी फा सोल ला सी एवढ्या सुरांतूनच. दोमिसोल म्हणजे देव, तेच उलटं सोलमिदो म्हणजे सैतान. वेळ उलटी फिरवायला याहून भारी काय पाहिजे, असं मित्राचं म्हणणं. मला नाही पटत. ही तर तार खात्याची टकटक झाली. आपल्याकडे रागांना वेळा आधीच ठरलेल्या आहेत, मग भाषा रागांचीच हवी ना?

मिसळ_कमी_तिखट:
मित्राला माझं मत. लहानपणी आम्ही च ची भाषा बोलायचो, मामाला ओ की ठो कळायचं नाही, पण नियम एका वाक्यात सांगता यायचा. वाचकाला पण तसंच हवं, नियम कळला की तोही घराण्यातला झाला. तुझ्या रागांसाठी आधी पाच वर्षं क्लास लावायचा का?

गोदाकाठी:
अहो पण उलटं केलं की उलटा अर्थ, हे फार स्वस्त आहे. देस राग घ्या. चढताना गंधार धैवत हे सूर गाळायचे आणि निषाद शुद्ध, उतरताना निषाद कोमल आणि गाळलेले दोघं परत हजर. म्हणजे आरोह जसाच्या तसा उलटा वाजवला तर तो देसचा अवरोह होतच नाही. गेलात त्या रस्त्याने परत येता येत नाही, वेगळी वाट धरावी लागते. काळात मागे जायचं तर मला हे जास्त खरं वाटतं.

काळी_पाच:
गंगापूर रोडला पेटी शिकवते म्हणून बोलते. देस छान आहे, पण याहून सोपी गोष्ट पेटीतच पडलीये. फक्त काळ्या पट्ट्या वाजवा, पांढरीला हात लावायचा नाही. काळी तीन, म्हणजे सप्तकातली तिसरी काळी पट्टी, सा धरलीत तर भूप राग, संध्याकाळ सरून रात्र लागतानाचा. काळी चारला सा धरला की मधमाद सारंग, भर दुपार. काळी पाच धरला की मालकंस, मध्यरात्रीनंतरचा. पट्ट्या त्याच पाच, फक्त सा सरकला. मूर्च्छना म्हणतात याला. म्हणजे किल्ली सुरांत नाहीच, सा कुठला त्यात आहे, आणि तो बाहेरच्याला सांगायचाच नाही.

तर्कट:
ताई, कल्पना झकास, पण दोन खोड्या. एक, दक्षिणेत भूपाच्या सुरांचाच मोहनम राग आहे आणि तिकडच्या मैफलीत वेळेचं एवढं बंधन कोणी पाळत नाही, मग ही जादू काय कृष्णेपलीकडे बंद पडणार? दोन, मालकंसात "पूर यायच्या आधी मागच्या दाराने नीघ" हे कसं सांगणार? रागातून मूड कळतो, निरोप नाही. स्पेनच्या ला गोमेरा बेटावर शिट्टीतून खरंच बोलतात, पण शिट्टीखाली स्पॅनिश असते. पश्चिम आफ्रिकेतल्या योरुबा लोकांचे ढोल बोलतात ते त्यांच्या भाषेत मुळातच सुरांचे चढउतार असतात म्हणून. खाली बोली नसेल तर भाषा नाही, राव. आपल्याकडची करपल्लवी पण शेवटी मराठीच, फक्त बोटांनी.

पंचवटीकर:
नुसती पेटी काय, आपल्या पंचवटीतल्या नारोशंकराच्या देवळाची घंटा घ्या की! वसईच्या मोहिमेतून आणलेली पोर्तुगीज घंटा, देऊळ १७४७ चं. ती म्हणजे सगळ्या गोदाकाठाचा षड्ज, म्हणजे सा. पूर किती आला ते नदीतला दुतोंड्या मारुती सांगेल, पाणी कमरेला की गळ्याला.

काळी_पाच:
काका, चित्र डोळ्यासमोर आलं, पण घंटेतून एक सूर निघत नाही, बरेच निघतात आणि ते एकमेकांशी तारेच्या स्वरांसारखे जुळत नाहीत. त्यावर सा लावायला गेलात तर शिष्य पळून जातील.

गोदाकाठी:
तर्कट यांचा दुसरा मुद्दा लागला. असं केलं तर? निरोप मराठीच, शिट्टीवाल्यांसारखा सुरांत गुंडाळलेला, आणि तो *कधी* पोचायचा ते सा ठरवणार. कृष्णेपलीकडची शाखा भांडून वेगळी झालीये असं दाखवतो, भाग दोनची सोय.

मिसळ_कमी_तिखट:
आत्ता मोबाइलवर काळ्या पट्ट्या दाबून पाहिल्या. तीनपासून काय नि पाचपासून काय, मला तेच ऐकू येतंय.

काळी_पाच:
मागे कोणी षड्ज धरला नाही तर मलाही नीटसं कळणार नाही. तानपुऱ्याचं ॲप लावा, एकदा काळी तीनला, मग पाचला, आणि तेच परत वाजवा.

मिसळ_कमी_तिखट:
च्यायला.

गोदाकाठी:
थांबा थांबा, म्हणजे पोरगी नुसती वाजवते, वेळ फिरवते ती कोपऱ्यात तानपुरा घेऊन बसलेली आजी! हिला मी तिसऱ्या प्रकरणात मारून टाकलंय.